मरतूक नसलेला कळप

धनाजीच्या वास्तुशांतीला पंगती उठल्या, विडे वाटून झाले आणि दादासोनं चारचौघांत उभं राहून सांगून टाकलं, "ह्या घराचा शेवटचा हप्ता माझा." पाव्हण्यांनी माना डोलावल्या, विहीणबाईंनी डोळ्याला पदर लावला आणि दादासोला आपण केवढं मोठं काम केलं असं वाटलं. पुढं तीन वर्षं भेटेल त्याला तो हे सांगत राहिला. ऐकणाराला आधीच माहीत असलं तरी सांगत राहिला.

दादासो माण तालुक्यातला मेंढपाळ. दिवाळी झाली की मेंढरं, दोन घोडी आणि बायको भामाबाई यांना घेऊन तो कृष्णाकाठाला उतरायचा. कुणाच्या ऊस तुटलेल्या रानात, कुणाच्या मोकळ्या पट्टीत मेंढरं बसवायची, खताच्या बदल्यात ज्वारी नाहीतर पैसे घ्यायचे आणि जेठ लागला की माघारी फिरायचं. गावाकडं दोन खोल्या होत्या, पण वर्षातले आठ महिने त्यांना कुलूपच असायचं. त्याचा बाप असाच जगला, आजाही असाच जगला. अशा घरातल्या पोरानं कुपवाडच्या कारखान्यात नोकरी धरली आणि माधवनगरला तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट घेतला, तेव्हा दादासो दोन दिवस नीट जेवला नव्हता. एवढा आनंद पोटात मावला नसावा.

आता शेवटचाच हप्ता का, तर त्यालाही कारण होतं. मेंढरांच्या वाटेवर सगळ्यात जड असतो तो शेवटचा पल्ला. मेंढरं थकलेली असतात, कोकरं खांद्यावर घ्यावी लागतात, लंगडी मागं राहतात. म्हणून घरातला जाणता माणूस कळपाच्या मागून चालतो आणि राहिलेलं गोळा करत येतो. दादासोचा बाप चौऱ्याऐंशीव्या वर्षापर्यंत असा मागून चालला होता. कर्जाचंही तसंच असणार, हे दादासोनं कुणाला न विचारता धरून टाकलं. सुरुवातीला पोराच्या अंगात जोर आहे, त्यानं ओढावं. शेवटी तो दमेल, तेव्हा बाप मागून येईल. वीस वर्षांनी आपण एक्याऐंशीचे असू, म्हणजे बापापेक्षा तीन वर्षांनी लहानच, असा त्याचा साधा हिशेब होता.

त्यासाठी वास्तुशांतीहून परतल्या परतल्या त्यानं नऊ माद्या घराच्या नावानं सोडल्या. त्यांच्या डाव्या कानाला वेगळी खूण केली. पोर जन्माला आलं की त्याच्या नावाची मेंढी सोडायची आणि तिची सगळी वीण त्या पोराची धरायची, ही त्यांची जुनी रीत. दादासोनं घरालाच पोर मानलं. त्या नऊच्या आता सतरा झाल्या होत्या. भामाबाई त्यांना "फ्लॅटवाल्या" म्हणायची आणि त्या पाला खाताना जरा जास्तच नखरे करतात असं तिचं ठाम मत होतं.

यंदा वाडा, म्हणजे मेंढरांचा तळ, माधवनगरजवळच्या एका रानात पडला. रविवारी दुपारी दादासो एकटाच पोराकडं जेवायला गेला. शिवांजलीनं, म्हणजे सुनेनं, बाजरीची भाकरी आणि वांग्याचं भरीत केलं होतं. ती खंडाळ्याकडची, बी.कॉम. झालेली, घरातला सगळा खर्च तीच बघायची. सासरा आला की टाइल्सवर त्याच्यासाठी घोंगडं अंथरायची, कारण सोफ्यावर बसला की त्याला झोप यायची.

भाकरी मोडता मोडता दादासोनं दरवर्षीचा प्रश्न विचारला. "किती ऱ्हायलं रं धनाजी? सतरा वरसं ना?"

"व्हय, असंच कायतरी," धनाजी म्हणाला आणि पाणी आणायला उठला. तांब्या भरलेला होता.

शिवांजली नवऱ्याकडं बघत राहिली. मग म्हणाली, "सांगायचं नाही का त्यांना? आबा, सतरा नाहीत. साडेचोवीस आहेत."

दादासो हसला. "पोरी, ईस हुती. तीन गेली. मग साडेचोवीस कुठल्या शाळंत ऱ्हात्यात?"

कुणी हसलं नाही. शिवांजलीनं कपाटातून कागद आणला आणि बोट ठेवून आकडा वाचला. दोनशे त्र्याण्णव हप्ते बाकी. धनाजी तांब्या हातात घेऊन स्वयंपाकघराच्या दारात उभाच होता. त्याला वर्षापूर्वीच कळलं होतं. म्हणून तर तो जादा पाळ्या करत होता, पण त्या पैशांत पोरीची शाळा आणि गॅस यापलीकडं काही सुटत नव्हतं. तो छत्तीस वर्षांचा. कारखान्यात अठ्ठावन्नला घरी बसवतात. नोकरी संपल्यावरही अडीच वर्षं हप्ता राहणार, हे त्यानं बापापासून लपवून ठेवलं होतं, कारण शेवटच्या हप्त्याचं बापाचं कौतुक त्याला मोडवत नव्हतं.

दादासोचा घास हातातच राहिला. आयुष्यभर चालणाऱ्या माणसाला एवढंच कळत होतं, की तीन वर्षं चाललो आणि निघालो तेव्हापेक्षा गाव आणखी साडेचार वर्षं लांब गेलं. असा रस्ता त्यानं पाहिला नव्हता. वाट चुकली तरी माणूस कुठंतरी पोचतोच. आणि साडेचोवीस वर्षांनी आपण अठ्ठ्याऐंशीचे. त्यांच्या घराण्यात तिथवर कुणी गेलेलं नव्हतं.

"कुणीतरी फशिवतंय तुमाला," तो म्हणाला. "उद्या मला घिऊन चल."

सोमवारी तिघं बँकेत गेले. तिथं कर्जाचं काम बघायला नूरीन नावाची मिरजेची मुलगी होती. मुलगी म्हणजे तिशीची, पण दादासोला पन्नाशीच्या आतलं सगळं मुलगीच वाटायचं. तो मांडीवर काठी आडवी घेऊन, भांडायच्या तयारीनंच बसला. नूरीननं त्याला आधी चहा पाजला आणि मग शांतपणे सांगितलं, की कर्ज घेतलं तेव्हा व्याज सात टक्के होतं, आता साडेआठ आहे. हप्ता तोच ठेवायचा तर वर्षं वाढतात. तसा निरोप फोनवर आला होता.

"आला हुता," धनाजी खाली बघत म्हणाला. "इंग्रजीत हुता. हप्त्याचा आकडा त्योच दिसला, म्हणून म्या खूश झालो. वरसं वाढल्याचं मागनं कळलं."

दादासोनं पोराकडं एकदा बघितलं आणि सोडून दिलं. भांडायचं कारण असं हातातून निसटलं. पण त्याचं समाधान झालं नव्हतं. "म्हैन्याला साडेपंधरा हजार. तीन वरसं भरलं. कुठं गेलं समदं?"

नूरीननं कॉम्प्युटर त्याच्याकडं वळवला. दादासोला अक्षर येत नव्हतं, पण आकडे येत होते. एकाखाली एक ओळी होत्या, न संपणाऱ्या. ती बोटानं दाखवत गेली. तीन वर्षांत भरले पाच लाख अठ्ठावन्न हजार. त्यातून वीस लाखांचं मुद्दल कमी झालं सत्त्याऐंशी हजारांनी. बाकी सगळं व्याज. या महिन्याच्या साडेपंधरा हजारांतले साडेतेरा हजार व्याजाला जाणार आणि दोनच हजार मुद्दलाला.

"आणि शेवटच्या वर्षी?"

"तेव्हा उलटं होतं, आजोबा. हप्ता तोच, पण जवळजवळ सगळा मुद्दलाला जातो. खरं ओझं सुरुवातीला आहे. शेवट हलका."

शेवट हलका, हे दादासोच्या डोक्यात शिरायला वेळ लागला. तीन वर्षं तो ज्या जागी उभं राहायच्या तयारीत होता तिथं ओझंच नव्हतं, आणि जिथं पोरगा वाकला होता तिथं तो चहा पिऊन, कौतुक ऐकून परत जात होता. त्याला पोराची मान आठवली. जादा पाळीहून आल्यावर धनाजी मान एका बाजूला धरून बसतो, हे त्यानं वर्षभर पाहिलं होतं आणि काही विचारलं नव्हतं. त्याला स्वतःची लाज वाटली.

मग त्यानं सगळं आपल्या मापात ओतून पाहिलं, कारण लाखांचा त्याला अंदाज यायचा नाही. "चांगली विणारी मादी साडेबारा हजाराची. ईस लाखाच्या किती?"

शिवांजलीनं फोनवर केलं. "एकशेसाठ."

"आणि आजवर भरलं आणि फुडं भरायचं, समदं मिळून?"

"एकावन्न लाख," नूरीन म्हणाली. "दर असाच राहिला तर."

"चारशेआठ माद्या," शिवांजली हळू आवाजात म्हणाली. एकत्र असा आकडा तिनंही कधी काढला नव्हता. काढायची हिंमत झाली नव्हती.

दादासोनं डोळे मिटले. डोळ्यांपुढं त्याला ती चारशेआठ मेंढरं रस्त्यावर दिसायला लागली. एका मालकाचा एवढा कळप त्यानं उभ्या जन्मात पाहिला नव्हता. पुढची मेंढरं मिरजेच्या वाटेला लागलेली आणि मागची अजून माधवनगरातच. हे सगळं तीन खोल्या आणि एका गॅलरीसाठी. एकशेसाठ आणल्या आणि चारशेआठ नेऊन द्यायच्या. म्हणजे वीण आहे. त्यानं डोळे उघडले.

"म्हंजे मूळच्या माद्या हायत तशाच. आमी तीन वरसं नुस्ती कोकरं नेऊन दिली."

"हो," नूरीन म्हणाली. "अगदी तसंच."

"मग ह्यात मरतूक किती धरता?"

"मरतूक म्हणजे?"

"म्हंजे मरत्यात किती. वरसाला."

नूरीनला प्रश्न नीट कळला तेव्हा ती हसली नाही, ही तिची समज. तिनं कॉम्प्युटरकडं पाहिलं, मग म्हाताऱ्याकडं. "एकही नाही मरत, आजोबा."

"दुस्काळात?"

"नाही."

"रोगराईत? लांडगा पडला तर?"

"नाही. रोज वाढतं. रविवारी बँक बंद असते, तेव्हाही वाढतं."

दादासोनं डोक्यावरचा पटका काढला आणि मांडीवर ठेवला. हे तो फक्त बिरोबाच्या देवळात करायचा. धनाजीनं चमकून बापाकडं पाहिलं.

पन्नास वर्षं तो मेंढरांमागं चालला होता. बहात्तरच्या दुष्काळात बापानं विहिरीच्या तळातून लोट्यानं पाणी काढून कोकरांना पाजलेलं त्यानं पाहिलं होतं, तरी निम्मी गेली. एका साली पुण्याकडच्या वाटेला लागला, तर खंडाळ्याच्या घाटात ट्रकनं एका फटक्यात अकरा नेली. हगवणीनं एका रात्रीत सहा गेलेली होती. कळप वाढतो आणि मरतो, मरतो आणि वाढतो, म्हणून तर म्हातारपणी माणसाजवळ चाळीस-पन्नासच उरतात, हा त्याचा जगाबद्दलचा पाया होता. आणि इथं या थंड खोलीत, काचेमागं, असा एक कळप होता की ज्यातलं एकही कोकरू आजवर मेलं नव्हतं आणि पुढं मरणार नव्हतं. पाणी नाही, चारा नाही, राखण नाही, तरी प्रत्येक मादी विणार, तिची पोर विणार, चोवीस वर्षं. त्याला राग यायचा होता, तो कुठं गेला कळेना. डोंगर पहिल्यांदा बघितल्यावर माणूस गप्प होतो तसा तो गप्प झाला. एवढं मोठं काही जगात आहे आणि ते आपल्या पोराच्या दाराशी बांधलेलं आहे, याचं त्याला भयही वाटलं आणि नवलही वाटलं.

पटका परत डोक्याला गुंडाळत तो म्हणाला, "दोन लाख शेवटाला दिलं तर किती हप्ते सुटतील?"

"साधारण तेरा."

"आणि आता दिलं तर?"

नूरीननं आकडे घातले. धनाजी पुढं झुकला. "हप्ता तोच ठेवला तर सत्त्याहत्तर हप्ते कमी होतात. सहा वर्षं पाच महिने."

"पुन्यांदा कर."

तिनं पुन्हा केलं. पुन्हा सत्त्याहत्तर आले. शिवांजलीनं पदर तोंडाशी धरला. दादासोला मात्र ते आधीच दिसलं होतं. आज कळपातून मादी बाहेर काढली तर तिच्यामागून तिची सगळी न जन्मलेली वीण बाहेर पडते. शेवटी काढली तर ती एकटीच येते. मेंढक्याला हे कुणी शिकवावं लागत नाही. फक्त आपण या कळपाच्या कुठल्या बाजूला उभे आहोत, ते त्याला आजवर कळलं नव्हतं.

"दंड-बिंड पडंल का मधी दिल्यावर?"

"या कर्जाला नाही. पण एक सांगा. वर्षं कमी करायची की हप्ता?"

"हप्ता," धनाजी पटकन म्हणाला. महिन्याला दीड हजार जरी सुटले असते तरी त्याला श्वास घ्यायला जागा झाली असती. शिवांजली म्हणाली, "वर्षं." दोघं एकमेकांकडं बघायला लागले. नूरीन म्हणाली घरी बोलून या, आणि तिनं पुढच्या माणसाला बोलावलं.

रानात परत आल्यावर दादासोनं भामाबाईला सगळं सांगितलं. ती दगडांच्या चुलीपुढं बसून ऐकत होती. मरतूक नाही हे ऐकल्यावर तिनं भाकरी तव्यावरच राहू दिली.

"एक बी न्हाई?"

"एक बी न्हाई."

"आगं आई," ती म्हणाली, आणि बराच वेळ दोघंही फ्लॅटवाल्यांकडं बघत बसले. त्या सतराच्या सतरा बाभळीखाली रवंथ करत होत्या. भामाबाईनं यातल्या तिघींना बाटलीनं दूध पाजून जगवलं होतं. एक तर अंथरुणात घेऊन झोपली होती.

"समद्या मिळून पंचेचाळीस हायत आपल्या," ती म्हणाली. "ह्या गेल्यावर ऱ्हाणार अठ्ठावीस. अठ्ठावीस मेंढरांची येगळी वाघर कोण बसवून घील? पुतण्याच्या वाघरीत घालावी लागतील. तुमी पुतण्याच्या मागनं चालणार व्हय?"

वाघर म्हणजे मेंढरांभोवती लावायचं जाळं. ज्याची वाघर वेगळी तो मालक, हे त्यांच्यात न बोलता ठरलेलं होतं. दादासोनं याचाच विचार बँकेपासून रानापर्यंत केला होता. रिक्षात बसवत असतानाही तो म्हणाला होता की चालत येतो, आणि चालत आला होता.

"चालीन," तो म्हणाला. "मागनं चालायची मला सवं हाय."

"आणि लोकांपुढं शब्द दिला त्येचं काय? शेवटचा हप्ता म्हणालात. आता मधीच द्याय निघालात."

दादासो उठून बाभळीखाली गेला आणि एकेकीच्या कानाची खूण चाचपत बसला.

गुरुवारी जतकडचा भाऊसो आला. तो स्वतः मेंढरं पाळणारा, कापणाराला देणारा नव्हे, म्हणून दादासोनं त्यालाच निरोप धाडला होता. भाऊसोनं दात बघितले, कास बघितली, अकरा हजारांपासून सुरुवात केली आणि भामाबाई मध्ये पडल्यावर साडेबारावर आला. सोळा माद्या, दोन लाख. सतरावी दादासोनं दाखवलीच नाही. भाऊसोच्या टेम्पोत चढताना अंथरुणात वाढलेली तेवढी मागं वळली. भामाबाई घोड्याच्या पलीकडं जाऊन पाणी भरायला लागली.

शुक्रवारी तिघं पुन्हा बँकेत गेले. नूरीननं पैसे जमा करून घेतले आणि विचारलं, "काय ठरलं? वर्षं की हप्ता?"

धनाजी बापाकडं बघून म्हणाला, "वर्षं." रात्रपाळीत चार दिवस तो मशीनपुढं याच विचारात होता. पन्नाशी ओलांडल्यावर चार वर्षांत मोकळं व्हायचं, आणि हातात चार वर्षं नोकरी शिल्लक असताना, हे त्याला हळूहळू मोठं वाटायला लागलं होतं. "साडेपंधरा हजार द्यायची सवं झाल्या आता."

नूरीननं नवा कागद छापून दिला. दोनशे सोळा हप्ते. दर बदलला तर हा आकडाही हलेल, तेव्हा फोनवरचे निरोप वाचत जा, तिनं धनाजीला बजावलं. इंग्रजीत असले तरी.

दादासोनं कागद हातात घेतला. दोन, एक, सहा. त्यानं तीनही आकड्यांवरून अंगठा फिरवला. सोळा माद्यांनी सत्त्याहत्तर महिने ओढून काढले होते. पोराच्या आयुष्यातले. ते महिने कुठं ठेवले असतील, असं काहीतरी त्याच्या मनात आलं. काल टेम्पो गेल्यावर त्यानं डोळे पुसले नव्हते, ते आत्ता पुसले.

"शिवांजली, शेवटचा हप्ता कवा पडतू आता?"

तिनं मोजलं. "दोन हजार बेचाळीस. डिसेंबर."

"म्हंजे मार्गेसर."

"हो, आबा. मार्गशीर्षच."

"मार्गेसरात वाडा हितंच असतू," दादासो म्हणाला. तो तेव्हा ब्याऐंशीचा असणार होता, बापापेक्षा दोन वर्षांनी लहान. "एक मादी ठिवल्या म्या. डाव्या कानाला खूण हाय. ती न्हाई उरली तर तिची पोर आसंल, न्हाईतर तिच्या पोरीची पोर. शेवटचा हप्ता माझा हाय, मॅडम. तेवढा ह्यांच्याकडनं घिऊ नगा."

नूरीननं पेन उचललं आणि कर्जाच्या फायलीच्या आतल्या बाजूला, जिथं काही लिहायची जागा नसते तिथं, बारीक अक्षरात ते लिहून ठेवलं.